लाकूडबाई

कुणाच्याही घरी गेल्या की आमच्या लाकूडबाई आधी खुर्ची उलटी करून बघत आणि मगच तिच्यावर बसत. यजमानांना वाटे, ढेकूण शोधतायत. चहाचे कप घेऊन आलेली घरातली सून दारातच थबकायची. बाई मात्र निवांतपणे जमिनीवर उकिडव्या बसून खुर्चीच्या पोटाकडे बघत राहायच्या. वरून पॉलिश मारलेलं असतं, खालच्या बाजूला कुणी ब्रश फिरवायच्या भानगडीत पडत नाही, त्यामुळे लाकूड ओळखायचं तर खालूनच, असं त्यांचं म्हणणं. माझं लग्न ठरत होतं तेव्हा मुलाकडचं घर बघायला मी त्यांना मुद्दाम बरोबर नेलं होतं. तिथेही त्यांनी खुर्ची सोडली नाही. परतताना जिन्यात मला म्हणाल्या, "फर्निचर सगळं प्लायचं आहे, पण माणसं बरी दिसतात. कर लग्न."

बाई आम्हाला वनस्पतींची अंतर्रचना शिकवत. झाडाच्या आत काय असतं, पाणी कुठल्या नळ्यांतून वर चढतं, खोड जाड कसं होतं, एका लाकडापासून दुसरं वेगळं कसं ओळखायचं, हा त्यांचा विषय. इतर प्राध्यापक मुलांना फुलं-पानं दाखवायला डोंगरात न्यायचे, बाई वखारीत न्यायच्या. गळ्यात काळ्या दोऱ्यात ओवलेलं छोटं भिंग असायचं. एसटीत शेजारच्या बायकांना तो ताईत वाटायचा आणि कुठल्या बाबाचा म्हणून विचारणाही व्हायची. पर्समध्ये कंगव्याशेजारी कागदात गुंडाळलेली दाढीची पाती. लाकडाचा तुकडा हाती आला की बाई त्याचं टोक पात्यानं तासायच्या, वास घ्यायच्या, आणि समोर कोण आहे याचा विचार न करता त्याला जीभ लावायच्या. ओलं झालं की छिद्रं स्पष्ट दिसतात. 'लाकूडबाई' हे नाव त्यांना कुठल्या बॅचनं दिलं ठाऊक नाही, पण त्यांनाही ते माहीत होतं. एकदा फोनवर स्वतःच म्हणाल्या, "मी लाकूडबाई बोलतेय."

मी हुपरीची. आमच्या घरी चांदीच्या पैंजणांचं काम चालतं. लहानपणापासून आई आणि चुलत्यांच्या शेजारी बसून मी कड्या जोडलेल्या. पहिल्याच प्रॅक्टिकलला बाईंनी सगळ्यांना एकेक काडी आणि पातं दिलं आणि आडवा छेद घ्यायला सांगितलं. छेद इतका पातळ हवा की खाली वर्तमानपत्र ठेवलं तर अक्षरं वाचता आली पाहिजेत. वर्गात कुणाची बोटं कापली, कुणाच्या काडीचे नुसते तुकडे पडले. माझा छेद पाण्यात टाकल्यावर क्षणभर दिसेनासाच झाला. बाई मागे येऊन उभ्या राहिल्या, माझा हात उलटासुलटा करून बघितला आणि घरी काय करता म्हणून विचारलं. मी सांगितलं. त्या दिवसापासून माझं नाव हुपरीकर झालं. एमएस्सी झाल्यावर मी त्यांच्याच हाताखाली प्रबंध करायचा हे त्यांनी परस्पर ठरवून टाकलं होतं. मलाही दुसरं काही करावंसं वाटलं नाही.

"वर बघू नकोस, आडवं काप," हे त्यांचं सततचं सांगणं. साल फसवते, रंग फसवतो, विकणारा तर फसवतोच. आडवं कापलं की छिद्रांची मांडणी दिसते, आणि तिच्यावरून जात कळते. सागाची छिद्रं वर्षावर्षाच्या कड्यांत ओळीनं बसलेली, आंब्याची कुठेही विखुरलेली. हे एकदा कळलं की जग बदलतं. आजही मला हॉटेलातल्या टेबलाकडे सरळ बघता येत नाही.

त्यांच्याकडे लोक काय काय घेऊन यायचे. मसाल्याच्या दुकानातून आणलेली दालचिनी खरी की दुसऱ्याच झाडाची जाड साल, हे विचारायला कोल्हापूरच्या मंगळवार पेठेतल्या बायका यायच्या, कारण बाई त्याच पेठेत राहत. वैद्य चूर्णांच्या पुड्या आणायचे. चूर्ण म्हणजे दळलेली वनस्पती. दळली तरी तिच्या पेशी आपली ठेवण सोडत नाहीत. मुळाच्या जागी खोड घातलंय का, औषधाच्या नावाखाली भुसा विकलाय का, हे मायक्रोस्कोपखाली उघडं पडतं. आज मी एका औषधी कारखान्यात नेमकं हेच काम करते. एकदा एक गृहस्थ कपाटाच्या दाराचा तुकडा घेऊन आले. साग म्हणून घेतलं होतं आणि शेजाऱ्यानं शंका काढली होती. बाईंनी तासून बघितलं आणि साग नसल्याचं सांगितलं. गृहस्थांचा चेहरा इतका पडला की बाईंनी त्यांना बसवून घेतलं. म्हणाल्या, "नाव खोटं सांगितलं ते दुकानदारानं. लाकडावर राग काढू नका. टिकाऊ आहे, तुमच्या नातवापर्यंत जाईल." ते बिचारे हसत घरी गेले.

बाईंनी लग्न केलं नव्हतं. घरात आई-वडील होते तोवर त्यांच्याजवळ आणि पुढे एकट्या. त्याच गल्लीत चार घरं सोडून त्यांचे धाकटे भाऊ राहत. सगळी पेठ त्यांना आबा म्हणायची. आबा पेठेतल्या तालमीचे अध्यक्ष. आवाज असा की ते फोनवर बोलायला लागले की पलीकडच्या माणसाला फोनची गरज काय, असं वाटावं. बहिणीवर त्यांचा फार जीव. रविवारी मटणाचा डबा वहिनींच्या हातून बाईंकडे गेल्याशिवाय ते स्वतः ताटावर बसत नसत. तर अशा या भावाबहिणीत जे झालं ते एका खांबावरून झालं.

तालमीचा मल्लखांब जुना झाला होता. आबांची सासुरवाडी चंदगडकडची. तिथे सासऱ्यांच्या जमिनीतला एक मोठा साग वादळात उन्मळून पडला. आबांनी तो ट्रकमध्ये घालून कोल्हापूरला आणला, चांगला सुतार लावून त्याचा मल्लखांब घडवला आणि तालमीच्या वर्धापनदिनी वडिलांच्या नावानं अर्पण करायचा ठरवला. मांडव घातला, पाहुणे बोलावले, पोरांची प्रात्यक्षिकं ठरली. बाईंना नारळ फोडायचा मान होता. मी त्या दिवशी त्यांच्याबरोबर होते.

खांब सुंदर होता. एरंडेल पिऊन तुकतुकीत झालेला, गळ्यात झेंडूचा हार. सगळे त्याच्या उंचीकडे, घाटाकडे बघत होते. बाई नारळ हातात घेऊन पुढे गेल्या आणि नारळ खाली ठेवून खांबापाशी वाकल्या. पदरानं एका जागचं तेल पुसलं. भिंग डोळ्याला लावलं. मग बोट त्याच जागी ठेवून त्या तशाच थांबल्या. लोकांना वाटलं नमस्कार करतायत. त्यांनी पर्समधलं पातं काढलं तेव्हा मात्र आबा लगबगीनं जवळ आले.

बाईंनी त्यांना हळूच विचारलं, की हे झाड पडताना कशावर आपटलं होतं.  बांधावरच्या जांभ्या दगडावर आडवं पडलं होतं, हे आबांनी कुणाला सांगितलं नव्हतं, कारण सांगण्यासारखं काही आहे असं त्यांना वाटलंच नव्हतं. बाई म्हणाल्या, मग यावर आज कुणी चढायचं नाही. आबांनी हात जोडले. आज राहू दे, उद्या बघू, पाहुणे बसलेत, असं ते दबक्या आवाजात सांगत होते. पण त्यांचा दबका आवाज म्हणजे शेवटच्या रांगेपर्यंत पोचणारा.

"पोरं आज चढणार हाईत, आबा," बाई म्हणाल्या. वर्गात प्रमाण बोलणाऱ्या बाई भावाशी बोलताना पेठेच्या व्हायच्या. "उद्या बघून काय करू?"

आणि त्या खांबाला पाठ लावून उभ्या राहिल्या. मांडवात कुजबुज सुरू झाली. मोबाइल वर निघाले. शेवटी तालमीच्या वस्तादांनी शहाणपणा केला. त्यांनी पोरांना दोरीच्या मल्लखांबाकडे वळवलं आणि प्रात्यक्षिकं तिथे उरकली. टाळ्या पडल्या, भाषणं झाली. पण वडिलांच्या नावाचा खांब सगळ्यांसमोर नापास झाला होता, आणि तोही घरच्या माणसाकडून. आबा त्या दिवशी बहिणीशी बोलले नाहीत, आणि पुढेही बोलले नाहीत.

दुसऱ्या दिवशी बाईंनी खांबाची काढलेली ढलपी मला दिली आणि उभा छेद घ्यायला सांगितला. मायक्रोस्कोपमध्ये सागाचे लांब तंतू एकाशेजारी एक पडलेले दिसत होते. बाईंनी प्रकाश बदलला आणि त्या तंतूंवर तिरक्या बारीक रेषा चमकल्या. जाड कागद एकदा दुमडून पुन्हा सरळ केला की घडी राहते, तशा. झाड दगडावर आपटलं तेव्हा एका बाजूचे तंतू दाबले जाऊन चुरगळले होते. बाहेरून लाकूड धडधाकट, आत घड्या पडलेल्या. बाई बराच वेळ डोळा लावून बसल्या. नंतर म्हणाल्या, "मला वाटलं होतं, माझी चूक निघेल. निघायला हवी होती."

तालमीच्या मंडळींनी त्यांचं ऐकून घेतलं आणि खांबाची परीक्षा घ्यायचं ठरवलं. वाळूची पोती बांधली. दोन वजनदार पैलवान एकदम लटकले. खांब हलला नाही. आबांनी सगळ्यांकडे बघितलं, फक्त बहिणीकडे नाही. बाई सांगत होत्या की वजन तो पेलेल, झटका पेलणार नाही, आणि मल्लखांबावर पोरं झटक्यानंच उड्या घेतात. पण डोळ्यांसमोर दोन पैलवान लोंबकळत असताना भिंगातल्या रेषांवर कोण विश्वास ठेवणार? खांब वापरात आला. लोक बाईंना बघून हसायचे. "बाई, खांब अजून हाय बरं का," असं एखादा रस्त्यातून ओरडायचा. बाई त्यालाही हात करायच्या.

वस्ताद मात्र मनातून घाबरले होते. त्यांनी मोठ्या पोरांना जुन्या खांबावरच ठेवलं, नव्यावर वजनानं हलकी लहान पोरं, आणि खाली जाड गाद्या. आणि दर रविवारी सकाळी पोरं यायच्या आत बाई तालमीत जाऊन खांब तपासायच्या. त्याच जागचं तेल पुसायचं, भिंगातून बघायचं, मुठीनं वाजवायचं. रेष वाढलेली नसली की घरी यायचं. घरी मटणाचा डबा आलेला असायचा. वहिनी तो बंद कधी पडू देत नव्हत्या, आबा डबा जाताना दुसरीकडे बघत असतील इतकंच. मी एकदा बाईंना म्हटलं की तुम्ही सांगायचं ते सांगितलं, आता सोडा. त्यावर त्या म्हणाल्या, "मला दिसलंय ना? मग मला कसं सोडता येईल?"

अशी दोनेक वर्षं गेली. माझा प्रबंध लिहून होत आला होता. एका सकाळी मी बाईंच्या घरी प्रकरणं दाखवत बसले होते आणि दारात आबा येऊन उभे राहिले. आत आले नाहीत. चप्पल पायातच. मी उठून जायला लागले तर बाईंनी हातानं बस म्हणून खुणावलं.

"आक्का," आबा म्हणाले, "अन्वी उद्यापास्नं खांबावर चढणार हाय."

अन्वी म्हणजे आबांची नात. दोरीवरच्या मल्लखांबात तयार झालेली, चपळ, कुणाचं न ऐकणारी पोरगी. आता खांबावर यायचा हट्ट तिनं धरला होता.

"मग?" बाई म्हणाल्या.

"मग काय. तुला इचारायला आलो."

 आबा दाराच्या चौकटीला धरून बोलत राहिले.

"दुसऱ्यांची पोरं चढत हुती तवा मला झोप लागत हुती, आक्का. काल न्हाई लागली."

मला वाटलं, आता बाई बोलतील. दोन वर्षांचं सगळं बाहेर पडेल. बोलल्या असत्या तर त्यात चूक काहीच नव्हतं. पण बाई उठल्या आणि स्वयंपाकघरात गेल्या. आतून आवाज आला, "च्या घेतोस न्हवं? आत ये, दारात उभा राहू नको." आबा चप्पल काढून आत येऊन बसले. कप रिकामा झाल्यावर बाई एवढंच म्हणाल्या, "काढ त्यो खांब." आबा म्हणाले, "व्हय, काढतो."

पुढे मी बाईंना विचारलं, की त्या वेळी काही बोलला कसा नाहीत. त्यांनी माझ्याकडे जरा आश्चर्यानंच बघितलं. म्हणाल्या, "ते सगळं तो स्वतःच बोलला की. मी आणखी काय बोलायचं राहिलं होतं?"

खांब उपटून तालमीच्या अंगणात आडवा घातला, दोन टोकांना दोन दगड. आबांचीच इच्छा होती की सगळ्यांसमोर बघू या. वस्तादांनी एका पैलवानाच्या हातात घण दिला. पहिल्या घावाला नुसता आवाज झाला. पुढच्या घावाला खांब मधोमध तुटला. सागाचं चांगलं लाकूड मोडताना चरचरतं, लांब लांब चिरफळ्या निघतात, तंतू एकमेकांना धरून ठेवतात. हा खांब मुळा मोडावा तसा आखूड, सपाट तुटला. बाईंनी पहिल्या दिवशी बोट ठेवलं होतं त्या जागी.  दोनचार पोरांच्या आया आल्या होत्या, त्यातल्या एकीनं आपल्या मुलाला जवळ ओढून घेतलं. आबा तुटलेल्या तोंडावरून हात फिरवत बसून राहिले. बाई त्यांच्याशेजारी खाली बसल्या आणि त्यांचं लक्ष, नेहमीप्रमाणे, लाकडाकडेच. "चांगलं झाड होतं रे," म्हणाल्या. "पडायला जागा वाईट मिळाली."

नवा खांब घ्यायला आम्ही वखारीत गेलो तो दिवस मी विसरणार नाही. आबा, बाई आणि मी. वखारीचे मालक चाचा बाईंचे जुने ओळखीचे. त्यांनी बाईंना बघताच कपाळाला हात लावला. म्हणाले, "बाई, तुमी आलात की माझं निम्मं लाकूड नापास हुतंय." बाईंनी खरोखरच निम्मं नापास केलं. आबा प्रत्येक ओंडक्यापाशी थांबून हा घेऊ या म्हणायचे आणि बाई पुढे निघालेल्या असायच्या. दोघं भर उन्हात भांडत होती, ओरडत होती, मोठ्या आवाजात एकमेकांची अक्कल काढत होती. दोन वर्षांचं न बोलणं त्या एका दुपारी भरून निघत होतं. शेवटी शिसवीचा एक ओंडका बाईंनी पास केला. चाचांनी सरबत मागवलं.

जिल्ह्याच्या स्पर्धेत अन्वीनं त्याच खांबावरच्या सरावानं बक्षीस मिळवलं. आम्ही सगळे बघायला गेलो होतो. पोरगी उलटी होऊन सरसर वर गेली, टोकाला आडवी झाली, हात सोडले. सगळं मैदान वर बघत होतं. बाई खांब जिथे जमिनीत जातो तिकडे बघत होत्या. पोरगी उतरल्यावर मी म्हटलं, किती छान केलं ना. बाई म्हणाल्या, "केलं असणार. बुडाला पाणी लागू देऊ नका म्हणावं या लोकांना."

बाई निवृत्त झाल्या तेव्हा त्यांचा विषय घ्यायला विभागात फारसं कुणी उरलं नव्हतं. नव्या मुलांना नव्या यंत्रांची ओढ. पातं आणि काडी घेऊन तासन्‌तास बसायचं कुणाला? बाईंना त्याचं वाईट वाटलं असणार, पण त्यांनी ते बोलून दाखवलं नाही. पेठेतल्या बायकांची दालचिनी त्या तपासत राहिल्या. मी नोकरीवरून अडलेल्या चूर्णाचे फोटो पाठवायची आणि दहा मिनिटांत फोन यायचा, "हुपरीकर, फोटो कसला पाठवतेस, तिरका छेद आहे तुझा."

गेल्या वर्षी पावसाळ्यानंतर त्यांना दवाखान्यात ठेवलं. फुप्फुसं थकली होती. मी भेटायला गेले तर पलंगावर बसून खोलीभर नजर फिरवत होत्या. पलंग लोखंडी, कपाट पत्र्याचं, दार कसल्याशा प्लास्टिकचं. म्हणाल्या, "या खोलीत लाकूडच नाही गं. करमत नाही." हे आबांनी ऐकलं असावं. दुसऱ्या दिवशी ते खिशातून एक ताजी फांदी घेऊन आले, तळहाताएवढी. बाईंचे डोळे मिटलेले होते. आबांनी ती त्यांच्या हातात दिली. बाईंनी ती नाकाशी नेली, अंगठ्यानं टोक चाचपलं आणि डोळे न उघडता म्हणाल्या, "काजू. तुझ्या सासुरवाडीचा." आबा खोलीबाहेर जाऊन उभे राहिले.

त्यानंतर चार-पाच दिवसांत बाई गेल्या.

पंचगंगेच्या स्मशानात मीही गेले. अन्वी माझा हात धरून उभी होती, तालमीची पोरं होती, वखारीचे चाचा होते. आमच्याकडे चिता शेणींची, म्हणजे गोवऱ्यांची रचतात, लाकूड थोडंच लागतं. शेणी रचून झाल्या. लाकडं बाजूला पडली होती. आबा त्यांच्यापाशी गेले आणि एकेक लाकूड उचलून बघायला लागले. कुणी तरी म्हणालं, आबा, राहू द्या, आम्ही लावतो. आबांनी ऐकलं नाही. एक ओंडका उचलून ते गर्दीतून माझ्याकडे आले. आयुष्यभर मोठ्यानं बोललेल्या त्या माणसाचा आवाज मला नीट ऐकूही आला नाही.

"हुपरीकर, ह्ये कसलं लाकूड हाय?"

मी बघितलं. डोळ्यांत पाणी असल्यानं काही दिसत नव्हतं. पुसून पुन्हा बघितलं.

"बाभूळ, आबा."

"चांगलं हाय?"

"चांगलं आहे."

आबांनी खांद्यावरच्या टॉवेलनं त्यावरची माती पुसली आणि ते बहिणीच्या पायाशी नेऊन ठेवलं.